मदत हवी आहे: पाच हजारांची आय क्रीम घ्यावी का?

मैत्रिणींनो, जरा खरं खरं सांगा. चवथीच्या आधी एस्टी लॉडरची अ‍ॅडव्हान्स्ड नाइट रिपेअरवाली आय क्रीम घ्यायचं मनात आहे, पण डबी 15 मिलीची आणि किंमत पाच हजारांच्या वर, त्यामुळे हात आखडतोय. मी 41 वर्षांची, रोज म्हापसा ते पणजी स्कूटरने जाते, डोळ्यांखाली बारीक सुरकुत्या आल्यात आणि काळी वर्तुळं पण आहेत, वर्तुळं तर आईला आणि मावशीलाही तशीच, म्हणून ती क्रीमने जातील असं मला नाही वाटत. त्यात हायलुरोनिक अ‍ॅसिड आहे, त्याने कातडी ओलसर राहते आणि सुरकुत्या कमी दिसतात, पण ते साध्या मॉइश्चरायझरमध्येही मिळतं ना? सुरकुत्यांवर रेटिनॉल जास्त काम करतं, पण तिथली कातडी इतकी पातळ, झोंबेल अशी भीती वाटते. कोणी दोन-तीन महिने सलग वापरलीय का ही? आपल्याकडच्या दमट हवेत चिकट वाटते का? की हेच पैसे स्किनच्या डॉक्टरला दाखवण्यात घालू? बहीण पुढच्या आठवड्यात दुबईहून येतेय, तिला आणायला सांगायचं तर लवकर कळवा प्लीज.