परिहार, मोबदला की व्याज? कागद मराठीत करताना अडलंय

वडगावकर: बेळगावात मामांची अठरा गुंठे बासमतीची जमीन रस्त्यात गेली. ताबा कधीच घेतलाय, पैसे मात्र येतायत येतायत म्हणालेत इतकी वर्षं. आता कन्नडमधनं कागद आलाय, त्यात "परिहार" आहे, म्हणजे जमिनीचे पैसे, आणि पुढं "विळंब", म्हणजे उशीर का काय ते, मुंबईच्या वकिलाला पाठवायला मराठीत करून दे म्हणाले. मी "उशिराचा मोबदला" लिहिलं तर भडकलेच. जमिनीचे पैसे निराळे आणि थांबवून ठेवलं त्याचे निराळे म्हणे. मग त्या निराळ्याला म्हणायचं काय?

निपाणीकर: परिहारच ठेव की. आमच्याकडं म्हातारीसुद्धा "परिहार आला काय रे" म्हणून विचारते.

अनुस्वार: ठेव काय ठेव! मराठीत शंकेचा परिहार होतो, श्रमपरिहार होतो. परिहार म्हणजे दूर करणे. जमिनीचा परिहार म्हणजे जमीनच दूर केली.

निपाणीकर: मग बरोबरच आहे की काका.

खानापूरची लेक: परिहाराचं राहू दे, मला "भूस्वाधीन" खटकतं. कन्नडमध्ये भूसंपादनालाच तसं म्हणतात, पण आपण स्वाधीन करतो म्हणजे आपल्या हातानं देतो ना! आमच्या आज्जोनी नोटीस वाचून घेतली आणि "मी कुणाच्या स्वाधीन केलेली नाही" म्हणून अंगठा द्यायचंच नाकारलं, अडीच महिने तलाठी हेलपाटे घालत होता.

मोडीवाला: मोबदला मूळ अरबी, मुबादला, अदलाबदल. त्यापेक्षा भरपाई लिहा. भर पावली ती भरपाई, पावती पण त्याच घरातली. अर्धी रक्कम हातात आली तर तिला भरपाई म्हणणंच चूक.

अनुस्वार: पाई म्हणजे पै-पैसा नव्हे काय?

मोडीवाला: नव्हे. हे मागच्या वेळी पण झालंय आपलं.

कोर्टाच्या पायरीवरचा: तुम्ही लोक तीन गोष्टी एकात कालवालाय. २०१३ च्या भूसंपादन कायद्यात बाजारभावावर नोटिफिकेशनपासून अवार्ड (किती पैसे द्यायचे तो निर्णय) किंवा ताबा, जे आधी होईल तिथपर्यंत, वर्षाला १२ टक्के मिळतात, ती जादा रक्कम, तिला व्याज म्हणायचं नाही. सोलेशियम, म्हणजे जमीन सक्तीनं घेतली म्हणून वर देतात ते, १०० टक्के, १८९४ च्या कायद्यात शेवटी शेवटी ३० होतं. आणि पैसे न देता ताबा घेतला तर पहिल्या वर्षाला ९ टक्के, वर्ष उलटलं की १५, ते व्याज. मामांचं "निराळं" म्हणजे हेच असणार. पण रस्ता नॅशनल हायवेचा असेल तर संपादन १९५६ च्या निराळ्या कायद्यानं होतं, आधी कागदाच्या डोक्यावर कुठला कायदा लिहिलाय बघा.

खानापूरची लेक: सोलेशियमला मराठीत दिलासा रक्कम म्हणतात ना? मयताच्या घरी जाऊन आल्यासारखं वाटतं.

अनुस्वार: छान शब्द आहे. सगळंच कन्नडमधनं नाहीतर इंग्रजीतनं उचलून आणायचं काय?

निपाणीकर: काका, अवार्डला निवाडा म्हणून बघा एकदा ऑफिसात, वरपासनं खालपर्यंत बघतील तुमच्याकडं.

वडगावकर: "व्याज" लिहून दाखवलं. मामा म्हणाले, व्याज सावकार घेतो, मी काय सरकारला जमीन उसनी दिली होती?

कोर्टाच्या पायरीवरचा: कायद्यात तोच शब्द आहे हो, मामांना सांगा. वकील दुसरं काही समजणार नाही.

मोडीवाला: "दिरंगाईचं व्याज" करा. दिरंग फारसी, अर्थ उशीरच, पण मराठीत आल्यावर त्यात दोष कुणाचा ते पण आलं. विलंब काय, आगगाडीला पण होतो.

अनुस्वार: फारसी चालतं आणि कन्नड चालत नाही, असं होय तुमचं?

मोडीवाला: कन्नड चालत नाही असं मी कुठं म्हटलं, ते तुम्हीच म्हणालात वर!

निपाणीकर: भांडण चालू दे. वडगाव शिवारातला जुना बासमती अजून कुणाकडं मिळतो काय? भात शिजलेला गल्लीत कळायचा.

वडगावकर: मामांकडं एक पोतं आहे, पण विकत नाहीत. कागदाच्या डोक्यावरचा शिक्का पुसट आलाय, कायदा कुठला ते वाचता येईना. उद्या फोटो काढून टाकतो.