प्रश्न यादी कोण करतं याचा

काही जण म्हणतात की एखाद्या प्रांताच्या विधिमंडळाला कायदे करायचे अधिकार एकदा दिले की विषय संपला. मला हे पटत नाही. ब्रिटनचा एक भाग असलेल्या वेल्सचंच बघा. १९९९ मध्ये तिथली असेंब्ली, म्हणजे विधिमंडळ, सुरू झाली तेव्हा तिला स्वतंत्र कायदे करताच येत नव्हते, फक्त वेस्टमिन्स्टरच्या (लंडनमधल्या ब्रिटिश संसदेच्या) कायद्यांखालचे नियम करता येत. मग २००६ च्या कायद्याने दोरी थोडी सैल सोडली, तीही अशी की बहुतेक वेळा आधी एकेका बाबीपुरता अधिकार लंडनकडून मंजूर करून आणायचा आणि मगच कायदा करायचा. २०११ च्या सार्वमतानंतर ही कटकट गेली, पण 'तुमचे विषय एवढेच' अशी यादी राहिलीच.

आणि खरी गोम त्या यादीत आहे. वेल्सने शेतमजुरांच्या वेतनाचं विधेयक केलं तेव्हा लंडनचं म्हणणं पडलं, हा रोजगाराचा विषय, तुमचा नाही. वेल्स म्हणे, हा शेतीचा विषय, आमचाच. (दोघंही बरोबरच होते म्हणा!) २०१४ मध्ये ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने वेल्सच्या बाजूने निकाल दिला: शेतीशी खरोखर संबंध असेल तर तो रोजगाराचाही विषय आहे म्हणून बिघडत नाही. पुढे २०१७ च्या कायद्याने यादीच उलटी केली. आता केंद्राने राखून ठेवलेले विषय लिहिलेत, उरलेलं सगळं वेल्सचं. स्कॉटलंडला ही सोय १९९८ च्या कायद्यातच मिळाली होती.