बूस्टर परत उतरला म्हणजे प्रक्षेपण स्वस्त झालं का?

गणिती

स्पेसएक्सच्या फाल्कन 9 प्रक्षेपकाचा पहिला टप्पा, म्हणजे बूस्टर, डिसेंबर 2015 मध्ये केप कनॅव्हरलला पहिल्यांदा उभा उतरला. 30 मार्च 2017 ला एसईएस-10 या उपग्रहासाठी वापरलेला बूस्टर पुन्हा उडाला. तेव्हापासून 'बूस्टर परत न आणणारा मागे पडणार' हे सरसकट बोललं जातं. मला ते मान्य नाही. बूस्टर उतरवणं हे मोठं अभियांत्रिकी यश आहेच, पण त्यात पैसे वाचतात की नाही हे वर्षाला किती उड्डाणं होतात यावर ठरतं. उड्डाणं मोजकी असतील तर टाकून द्यायचा प्रक्षेपकच स्वस्त पडतो.

हिशेब असा. स्पेसएक्सच्या इलॉन मस्कने 2018 मध्ये सांगितलेली विभागणी घेऊ: एकूण खर्च 100 धरला तर पहिला टप्पा 60, दुसरा टप्पा 20, फेअरिंग (उपग्रहावरचं टोकाचं कवच) 10, उरलेले 10 प्रक्षेपणाचे. बूस्टर परत आणून तपासायला प्रत्येक वेळी 10 लागतात असं मी धरतो. बूस्टर परत आणायचा तर भूस्थिर संक्रमण कक्षेत (जीटीओ) 8.3 टनांऐवजी 5.5 टनच नेता येतात, म्हणजे दोन तृतीयांश. आता तेवढ्याच वजनामागे खर्च बघा: बूस्टरचा उड्डाणामागचा वाटा, हे 10 आणि बाकीचे 40, या बेरजेची दीडपट. बूस्टर 2 वेळा वापरला तर 120, 3 वेळा 105, 4 वेळा 97.5, 10 वेळा 84. म्हणजे तिसऱ्या उड्डाणापर्यंत तोटाच.

खरी गोम पुढे आहे. बूस्टरच्या 60 मधले निम्मे कारखाना, साचे आणि कुशल माणसं यांचे असतात असं धरा. वर्षाला 10 बूस्टर बनवणारा कारखाना आता एकच बनवणार, पण पगार आणि यंत्रं तेवढीच. स्थिर खर्च 300, एका बूस्टरचा बदलता खर्च 30, दहा वेळा परत आणायचे 100, एकूण 430. म्हणजे उड्डाणामागे बूस्टरचे 43, बाकीचे 40 मिळवून 83. वजनाच्या हिशेबात 124.5. टाकून दिला असता तर 100 मध्ये काम झालं असतं.

टर्बोपंप

गणिती, गणित स्वच्छ मांडलंत, पण आकडा चुकीच्या कक्षेचा निवडलात. आज बहुतेक उड्डाणं पृथ्वीजवळच्या कक्षेत जातात. तिथे टाकून देणारा फाल्कन 9 22.8 टन नेतो आणि समुद्रातल्या ड्रोनशिपवर (बूस्टर उतरवायच्या स्वयंचलित तरंगत्या तळावर) उतरणारा सुमारे साडेसतरा टन. घट एक चतुर्थांशाहून कमी. तुमच्याच सूत्रात हे घाला: 2 उड्डाणांना 104, 3 उड्डाणांना 91. ऑगस्ट 2020 मध्ये मस्कनेही हेच सांगितलं होतं, दुसऱ्या उड्डाणाला साधारण बरोबरी आणि तिसऱ्यापासून फायदा.

गणिती

त्याच वर्षी युनायटेड लाँच अलायन्स या प्रतिस्पर्धी कंपनीचे तेव्हाचे प्रमुख टोरी ब्रुनो यांनी त्यांच्या कंपनीचा अंदाजही सांगितला होता: बरोबरी व्हायला ताफ्याची सरासरी 10 उड्डाणं लागतात. सरासरी, लक्षात घ्या. एक बूस्टर 20 वेळा उडाला आणि दुसरा पहिल्याच खेपेला समुद्रात गेला, तर दोन्ही मोजावे लागतात. आणि कारखान्याच्या स्थिर खर्चाला तुम्ही हातच लावला नाहीत.

सागरवेध

गणितींच्या बाजूने एक जुना दाखला. स्पेस शटलचे घन इंधनाचे बूस्टर पॅराशूटने अटलांटिकमध्ये पडायचे. लिबर्टी स्टार आणि फ्रीडम स्टार ही दोन जहाजं ते ओढत केपला आणायची. मग धुणं, सुटे करणं आणि मधले चार भाग रेल्वेने युटाहला पाठवून पुन्हा इंधन भरणं. वाचायचं ते मुख्यतः पोलादी कवच. इंधन, आतलं उष्णतारोधक अस्तर आणि नोझलचा जळणारा भाग दर वेळी नवा. खारं पाणी धातूला किती लागलंय ते शोधण्याचा खर्च वेगळा. परत आणणं आणि पैसे वाचवणं या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत हे नासाला तीस वर्षं दिसत होतं.

रॉकेट लॅबच्या इलेक्ट्रॉन या छोट्या प्रक्षेपकाचंही बघा. मे 2022 मध्ये हेलिकॉप्टरने बूस्टर हवेत झेलला, पण दोराला लटकलेलं वजन चाचणीतल्यासारखं वागेना म्हणून वैमानिकाला तो सोडून द्यावा लागला. नंतर थेट समुद्रातून उचलायला लागले. ऑगस्ट 2023 मध्ये एक जुनं रदरफोर्ड इंजिन पुन्हा उडालं, अख्खा बूस्टर नाही.

टर्बोपंप

सागरवेध, तुमची दोन्ही उदाहरणं खाऱ्या पाण्याची आहेत. इंजिनाच्या जोरावर कोरडं उतरण्यामागचं कारणच ते. स्पेसएक्सनेही 2010 मध्ये पॅराशूटच लावले होते, पण ते उघडायच्या आधीच टप्पा वातावरणात शिरताना तुटला. त्यानंतर आजची पद्धत आली. ती नीट समजून घेतली तर खर्च कुठे होतो तेही कळतं.

उड्डाणानंतर साधारण अडीच मिनिटांनी 65-70 किलोमीटर उंचीवर टप्पे वेगळे होतात. ड्रोनशिपवर उतरायचं असेल तर तेव्हाचा वेग ताशी 8000 किलोमीटरच्या आसपास असतो. थंड नायट्रोजनच्या झोतांनी बूस्टर उलटा फिरतो. प्रक्षेपण तळावर परत यायचं असेल तर इथेच इंजिनं पेटवून दिशा बदलावी लागते आणि इंधनाचा सर्वांत मोठा घास तिथे जातो. ड्रोनशिपला तो वाचतो. मग दाट हवेत शिरताना तीन इंजिनं पेटवून वेग तोडायचा, नाहीतर इंजिनांचा भाग उष्णतेने खलास. पुढे चार ग्रिड फिन्स (जाळीदार पंख) दिशा सांभाळतात. आधी त्या अ‍ॅल्युमिनियमच्या होत्या आणि कडा भाजायच्या, जून 2017 पासून टायटॅनियमच्या आल्या. शेवटची पेट बहुधा एकाच इंजिनाची. गंमत अशी की एक मर्लिन (फाल्कनचं इंजिन) कमीत कमी जोरावर चालवलं तरी ते रिकाम्या टप्प्याच्या वजनापेक्षा जास्त ढकलतं. त्यामुळे हवेत तरंगत जागा शोधणं अशक्य. वेग शून्य होणं आणि पाय टेकणं एकाच क्षणी व्हायला हवं, उशीर झाला तर आपटतो, लवकर झालं तर पुन्हा वर चढतो. या सगळ्यासाठी राखून ठेवलेलं इंधन, चार पाय आणि फिन्स, हीच तुमची वजनातली घट.

आता काय बिघडलं तेही बघा. जानेवारी 2015: फिन्स फिरवणारं हायड्रॉलिक तेल उतरण्याआधीच संपलं. एप्रिल 2015: थ्रॉटलचा (इंजिनाचा जोर कमी-जास्त करणारा) व्हॉल्व्ह चिकटत होता, हुकूम आणि प्रतिसाद यांत अंतर पडलं. जानेवारी 2016: एका पायाची कडी अडकली नाही, बहुधा धुक्याच्या बर्फामुळे, आणि उतरलेला बूस्टर आडवा झाला. डिसेंबर 2018: ग्रिड फिन्सचा हायड्रॉलिक पंप अडकला, बूस्टर गरगरत किनाऱ्याजवळ पाण्यात उतरला. प्रत्येक वेळी एक भाग सापडला आणि बदलला. बिघडलेलं हार्डवेअर किंवा त्याचा शेवटच्या क्षणापर्यंतचा डेटा हातात असल्याशिवाय हे झालं नसतं.

गणिती

ही यादी 2018 ला का थांबवलीत? पुढची दोन उदाहरणं थेट पुनर्वापराचीच आहेत. मार्च 2020 मध्ये चढतानाच एक इंजिन बंद पडलं. आधीच्या उड्डाणानंतर साफसफाईला वापरलेलं आयसोप्रोपिल अल्कोहोल सेन्सरच्या बंद नळीत राहिलं होतं, ते पेटलं. फेब्रुवारी 2021 मध्ये इंजिनाभोवतीच्या लवचीक आवरणाला भोक पडलं, गरम वायू आत शिरला आणि इंजिन बंद झालं. ते आवरण त्या प्रकारात सर्वांत जास्त उड्डाणं झालेलं होतं. दोन्ही बूस्टर गेले. पुनर्वापर म्हणजे नव्या जातीचे दोष: झीज, उरलेला कचरा, तपासणीतून निसटलेलं काहीतरी. ब्लॉक 5 ही फाल्कन 9 ची सुधारित आवृत्ती येण्याआधी मर्लिनच्या टर्बाइनच्या पात्यांना जाणाऱ्या भेगांची नासाला चिंता होतीच. केरोसिनची काजळी तर दर वेळी इंजिनात बसते.

अवनी

दोन्ही वेळा उपग्रह ठरलेल्या कक्षेत पोहोचले, हे सांगायचं राहिलं. नऊ इंजिनांपैकी एक गेलं तर उरलेली जास्त वेळ चालून भर काढतात. गेलं ते उतरणं.

आणि उलट बाजू पाहा. जुलै 2024 मध्ये फाल्कन 9 ची मोहीम खरोखर फसली, स्पेसएक्सच्याच स्टारलिंक या इंटरनेट सेवेचे 20 उपग्रह गेले. बिघडला कोणता भाग? दुसरा टप्पा, कोरा करकरीत. दाब मोजणाऱ्या सेन्सरच्या नळीला इंजिनाच्या कंपनांनी आणि सैल झालेल्या क्लॅम्पने तडा गेला, द्रव प्राणवायू गळला. त्याच उड्डाणातला अनेकदा वापरलेला बूस्टर व्यवस्थित उतरला. नवा भाग म्हणजे जिची परीक्षा पहिल्यांदाच आकाशात होते ती वस्तू. ज्या बूस्टरने दहा वेळा काम केलंय त्याच्या वेल्डिंगमध्ये बनवतानाचा दोष लपलेला असण्याची शक्यता फार कमी. म्हणूनच आता नासा माणसंही वापरलेल्या बूस्टरवर पाठवते.

झीज खरी आहे, पण ती मोजता येते. ब्लॉक 5 दहा उड्डाणांसाठी आखला होता, आज काही बूस्टर तिशीला पोहोचलेत. मार्च 2025 मध्ये एक बूस्टर नऊ दिवसांत पुन्हा उडाला. नऊ दिवसांत इंजिनं सुटी करून जोडत बसता येत नाही, म्हणजे तपासणी किती कमी झालीय ते यावरून समजा.

गणिती

मग ग्राहकाला काय मिळालं? 6.2 कोटी डॉलरचा जाहीर दर वाढत सुमारे 7 कोटींवर गेला. 2020 मध्ये मस्कनेच सांगितलं होतं की वापरलेल्या बूस्टरच्या एका उड्डाणाचा वाढीव खर्च दीड कोटीच्या आसपास आणि बूस्टर तयार करायला दहा लाख. वाचलेले पैसे कंपनीकडेच राहिले.

अवनी

राहिले आणि स्टारलिंकमध्ये गेले. 2024 मध्ये फाल्कनची 134 उड्डाणं झाली, त्यांतली जवळपास दोन तृतीयांश स्टारलिंकची. किंमत प्रतिस्पर्ध्यावरून ठरते, खर्चावरून नाही; प्रतिस्पर्धी परत आणायला लागले की ती उतरेल. ब्लू ओरिजिनच्या न्यू ग्लेन प्रक्षेपकाचा बूस्टर नोव्हेंबर 2025 मध्ये उतरला, सुरुवात झालीय. आपल्याला झळ कुठे बसली तेही बघा: 4,700 किलोचा जीसॅट-एन2 हा उपग्रह इस्रोच्या सर्वांत मोठ्या एलव्हीएम3 प्रक्षेपकाच्या आवाक्याबाहेर होता, म्हणून तो नोव्हेंबर 2024 मध्ये फाल्कन 9 ने गेला. वापरलेल्याच बूस्टरवर.

विक्रोळीकर

कारखान्याच्या मुद्द्यावर बोलतो, कारण तो महाराष्ट्राचाही आहे. इस्रोच्या प्रक्षेपकांची विकास इंजिनं विक्रोळीच्या गोदरेजमध्ये बनतात, घन बूस्टरची कवचं वालचंदनगरला. सप्टेंबर 2024 मध्ये मंत्रिमंडळाने नव्या पिढीच्या प्रक्षेपकाला (एनजीएलव्ही) 8,240 कोटी रुपये मंजूर केले. 30 टन पृथ्वीजवळच्या कक्षेत, पहिला टप्पा परत आणायचा, एलव्हीएम3 च्या तिप्पट वजन दीडपट खर्चात. भारताची एकूण प्रक्षेपणं 2023 मध्ये 7 आणि 2024 मध्ये 5, तीही चार प्रकारच्या प्रक्षेपकांत वाटलेली. या गतीला दोन बूस्टर अनेक वर्षं पुरतील. मग इंजिनांची ऑर्डर किती? युरोपात एरियान प्रक्षेपक बनवणाऱ्या कंपनीच्या तत्कालीन प्रमुखांनी 2018 मध्ये हीच अडचण मांडली होती: दहा वेळा वापरला तर वर्षाला एकच प्रक्षेपक बनवायचा, मग कामगारांनी उरलेलं वर्ष काय करायचं? ही माणसं एकदा पांगली की ते वेल्डिंग, ते ब्रेझिंग (धातूचे भाग जोडण्याची पद्धत) पुन्हा जमवायला खूप काळ जातो.

टर्बोपंप

विक्रोळीकर, तुमची काळजी खरी आहे, आणि गणितींच्या 'निम्मा स्थिर खर्च' याला उत्तरही इथेच आहे. फाल्कनचा दुसरा टप्पा दर उड्डाणाला फेकला जातो. तो त्याच 3.66 मीटर व्यासाचा, त्याच मिश्रधातूचा, त्याच साच्यांवर बनतो आणि त्यात मर्लिनचंच निर्वात अवकाशासाठीचं रूप बसतं. 134 उड्डाणं म्हणजे 134 नवे टप्पे आणि तेवढीच नवी इंजिनं. बूस्टर थोडे बनले तरी कारखाना रिकामा बसत नाही, स्थिर खर्च वाटला जातो.

म्हणून एनजीएलव्हीत बघायची गोष्ट ही: वरच्या टप्प्यात पहिल्या टप्प्यातल्याच मिथेन इंजिनाचं रूप आणि तोच व्यास वापरणार का? वरती वेगळं क्रायोजेनिक इंजिन, वेगळ्या व्यासाची टाकी, वेगळी साखळी ठेवली, तर गणितींचा 124.5 खरा ठरण्याची पाळी येईल.

गणिती

हे मात्र मोलाचं आहे, आणि माझ्याच सूत्राला धरून आहे. पण साखळी एक झाली तरी वर्षाला पाच-सहा उड्डाणांत ती भरत नाही. मी म्हणेन, एनजीएलव्हीची पहिली काही वर्षं पाय आणि फिन्स न लावता पूर्ण क्षमतेने उडवा. मागणी वाढली की उतरवायला लागा.

सागरवेध

आणि बंगालच्या उपसागरात उतरवायचं तर ऑक्टोबर ते डिसेंबर चक्रीवादळांचा काळ आहे. 19 उड्डाणं केलेला फाल्कनचा एक बूस्टर डिसेंबर 2023 मध्ये नीट उतरला होता. परतीच्या वाटेवर वारा आणि लाटांनी तो डेकवर कोसळला. बूस्टर धरून ठेवणारी यंत्रणा, ओढणाऱ्या बोटी, बंदरातली क्रेन, सगळं वर्षभर पोसावं लागतं, उड्डाणं पाच असोत की पन्नास.

टर्बोपंप

गणिती, पाय नंतर लावा, चालेल. फाल्कनचेही सुरुवातीचे उतरण्याचे प्रयत्न ग्राहकाचं काम उरकल्यावरच्या उरलेल्या इंधनावर झाले, चाचणीसाठी वेगळा प्रक्षेपक जाळावा लागला नाही. पण काही गोष्टी पहिल्या आराखड्यातच हव्यात, नंतर जोडता येत नाहीत: इंजिनांची संख्या अशी की मधल्या एकट्याच्या जोरावर रिकामा टप्पा उतरेल, आणि ते इंजिन खूप खालच्या जोरावर चालून उड्डाणात पुन्हा पेटेल. त्यातलं दुसरं अशक्य नाही. 17 जानेवारी 2025 ला इस्रोने तमिळनाडूतल्या महेंद्रगिरीला विकास इंजिन 60 सेकंद चालवून, 120 सेकंद बंद ठेवून पुन्हा 7 सेकंद पेटवून दाखवलंय. शिवाय टप्पे वेगळे होतानाचा वेग कमी ठेवायचा तर वरचा टप्पा मोठा घ्यावा लागतो. तो निर्णय टाक्यांची मापं ठरतात त्या दिवशीच होतो, पाच वर्षांनी मागणी वाढल्यावर नाही.