चीर बुजवावी की राखावी?

खाजनकाठ

गोव्यात फोंड्याच्या आमच्या वाचनकट्ट्यावर सहा जण मिळून एक काल्पनिक जग लिहितोय. नाव वेळांगण. बेटांचा देश आणि नदीच्या मुखावर, पाण्यापासून पुरुषभर उंचीवर, हवेतच पडलेली एक चीर. एरवी बोटभर रुंद, अमावस्या-पौर्णिमेला दाराएवढी. तिच्यातून राक्षस वगैरे येत नाहीत. तिची सावली ज्याच्यावर पडते, त्याचा आठवणींचा धागा तुटतो. दुसऱ्या प्रकरणात एक जण विहिरीत कळशी सोडतो. दोर ओला होऊन वर येतो, कळशी नसते. तो दोराचं टोक हातात धरून बायकोला विचारतो, "हे काय असतं गं?"

शेवटचं प्रकरण राहिलंय. तिघांचं म्हणणं, नायिकेनं जीव देऊन चीर कायमची बुजवावी. मला हे अजिबात पटत नाही.

आमचं घर खाजनाच्या, म्हणजे बांध घालून खाऱ्या पाण्यापासून राखलेल्या नदीकाठच्या सखल शेताच्या, बांधाला लागून. भरतीला नदी शेतापेक्षा वर चढते. मानशीची, म्हणजे बांधात पाण्यासाठी ठेवलेल्या वाटेची, लाकडी दारं नदीच्या पाण्याच्या रेट्यानंच मिटतात आणि ओहोटी लागली की आतल्या पाण्याच्या रेट्यानं उघडतात. दारांच्या फटीतून आत येणारी पाण्याची बारीक धार बघत मी लहानपणी तासन्‌तास बसायचो. एकदा आजोबांना विचारलं, ही कायमची बंद का करून टाकत नाही? ते म्हणाले, मग पावसाचं पाणी जाणार कुठून?

वेळांगणात प्रत्येक मंत्रानंतर काहीतरी मागे उरतं, हे पहिल्याच प्रकरणात आपण लिहून बसलोय. ते उरलेलं चिरीतूनच बाहेर जातं. चीर लिंपली तर देश आतून बुडेल. म्हणून ती राखायची. पिढ्यान्‌पिढ्या, पाळ्या लावून.

रात्रपाळी

असहमत. कट्ट्यावर बोललो तेच इथंही लिहितो.

भाई, मानस माणसानं बांधलेली आहे, चीर नाही. भरतीला वेळापत्रक असतं. आजच्यापेक्षा उद्याची साधारण ५० मिनिटं उशिरा, हे खाजनातल्या पोराला बोटांवर मोजता येतं. ज्याची वेळ ठाऊक आहे त्याची भीती कसली? तुम्ही चिरीला अमावस्या-पौर्णिमा दिलीत तिथंच तिचा दरारा निम्मा गेला.

दुसरं म्हणजे, तिसऱ्या प्रकरणात अख्खा वाडा, सगळी वस्तीच, चिरीच्या सावलीत गेला. नावाड्याच्या बायकोला आपल्या पोटच्या पोराचं नाव आठवत नाही, फक्त मांडीवर वजन आठवतं. हे तुम्हीच लिहिलंय आणि फार चांगलं लिहिलंय. तिला आता सांगणार, की बाई, ही चीर गरजेची आहे? मला ते लिहवणार नाही. बुजवाच.

खाजनकाठ

वेळापत्रकाचं पटलं. ते मोडायला हवं. पण बांध फुटतो तो नेहमी उधाणानंच असं नाही. खेकडा बिळं करतो. बीळ कुणाला दिसत नाही, दिसलं तरी उद्या बघू म्हणतात, मग त्यातूनच पाणी वाट काढतं. एकदा खारं पाणी शेतात भरलं की मीठ एका पावसाळ्यात धुऊन जात नाही. चिरीचा धोका तसाच दाखवता येईल. राखणारे थकले, पाळी चुकली, बोटभराची हातभर झाली.

बांधावरची वाट

दोघांच्याही लिहिण्यात एक गोष्ट सुटतेय, ती म्हणजे लोभ. मानशीच्या तोंडावर मासे धरायचा हक्क लिलावात जातो. मूळ हेतू चांगला होता, त्या पैशातून बांधाची डागडुजी व्हायची. पण ज्यानं बोली लावून हक्क घेतला त्याला शेतापेक्षा मासळी जवळची. भलत्या वेळी दारं उघडी ठेवून खारं पाणी आत घेतलेलं आमच्या वाड्यावर डोळ्यांनी पाहिलंय. मग कोरगुट भातसुद्धा तग धरत नाही, आणि ते तर खाऱ्या जमिनीचंच बियाणं.

चिरीतून एखादी मोलाची वस्तू येऊ द्या. मग बघा, तिला उघडी धरून ठेवणारे वेळांगणातच निघतील. राखणदार नेमाल, पण राखणदारावर कोण नेमाल?

कुर्डीची नात

माझा आक्षेप वेगळाच आहे. ही चीर माणसांना विसरायला लावते, हेच मला खोटं वाटतं.

माझ्या आईचं माहेर कुर्डी, गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं गाव. १९८०च्या दशकात साळावली धरणाखाली गेलं. महादेवाचं देऊळ दगड दगड सोडवून धरणाजवळ नेऊन उभारलं, घरं मात्र पाण्यात राहिली. मे महिन्यात पाणी ओसरलं की गाव वर येतं आणि गावची माणसं सोमेश्वराच्या देवळापाशी जमतात. आई चपला काढून जोत्यावर चढते. भिंत नाही, छप्पर नाही, तरी ती वळसा घालून आत जाते, कारण तिथं चूल होती. चुलीवर पाय पडू नये म्हणून. गेल्या मे महिन्यातही तिनं तसाच वळसा घातला.

जागा गेली तरी आठवण जात नाही, जास्त टोकदार होते. चिरीनं आठवण ठेवावी आणि ठिकाण न्यावं. दोर हातात राहू दे, कळशीही आठवू दे, विहीरच नाहीशी होऊ दे.

धरणाचा तो गोलाकार वळणाचा सांडवा पाहिलाय ना सगळ्यांनी? पाण्यात शिरलेलं भोक आणि वळणाच्या कडेवरून पाणी त्यात कोसळतंय. लोक हौसेनं फोटो काढतात. मला तिथं दोन मिनिटंही उभं राहवत नाही. चीर लिहायची तर तशी लिहा.

खाजनकाठ

ताई, हे वाचून दुसरं प्रकरण पुन्हा लिहायला घेतलंय. विहीर जाईल. पण मग चीर बुजवून त्या माणसाला काय परत मिळणार? माझं मत त्यामुळे पक्कंच झालं.

रात्रपाळी

माझंही बदललेलं नाही. ताईंच्या आईला दर मे महिन्यात गाव दिसतं तरी. नावाड्याच्या बायकोला तेही नाही. शेवटच्या प्रकरणात तिला बोलू द्या. नायिकेच्या आधी, राखणदारांच्या आधी. ती "बुजवा" म्हणाली, तर तिच्यासमोर उभं राहून नाही कोण म्हणणार, ते आधी लिहा. रविवारी मी तेवढंच पान ऐकायला येतो.