गाईडला घेऊन खाऊगल्ली फिरलात का? कोल्हापूरकरांनो, अनुभव लिहा

खासबागेतली भेळ, गंगावेशीतलं धारोष्ण दूध, बावड्याची मिसळ, यांची वाट दाखवायला आपल्याला कुणी लागत नाही. त्यामुळे पैसे भरून, गाईडच्या मागं रस्त्यावरचं खात हिंडायचं म्हटलं की आपल्याकडे पहिला प्रश्न येतो, "कशाला?" आता इथून बँकॉक, हनोई, सिंगापूरला जाणारी माणसं घरटी सापडायला लागलीत. म्हणून हा धागा. आशियातल्या कुठल्याही मोठ्या शहरात असा फेरफटका केला असेल तर सविस्तर लिहा. सुरुवात मी करतो.

बँकॉकला पोचलो त्याच संध्याकाळी यावरात भागातला, म्हणजे तिथल्या चायनाटाउनचा फेरफटका घेतला. २०१९ मध्ये सुरू झालेल्या वाट मंगकोन मेट्रो स्टेशनबाहेर भेटायचं होतं. दिवेलागणीला दुकानांची शटरं खाली येतात आणि त्यांच्याच पुढ्यात गाड्या, पत्र्याची टेबलं, स्टुलं मांडली जातात. आमच्या गाईड बाई लहानाच्या मोठ्या त्याच गल्ल्यांत झालेल्या. त्यांनी आधी बसवलंच नाही. मोठ्या सपाट तव्यावर पिठाचं पातळ मिश्रण, वर कालवं, वर अंडं, खाली भडकलेला जाळ, हे सगळं होताना बघायला लावलं आणि मग बशी हातात दिली.

पुढची वाटी कुआय चापची. तांदळाच्या गुंडाळलेल्या नूडल्स, डुकराचं मांस आणि आतले भाग, आणि मिऱ्याचा रस्सा. मिरची नाही, नुसती मिऱ्याची धग, घशात उतरून रेंगाळणारी. नूडल्सच्या टेबलावर चार गोष्टी कायम: साखर, सुक्या मिरचीची पूड, मिरच्या घातलेलं व्हिनेगर आणि नाम प्ला, म्हणजे माशापासून केलेलं खारट पाणी. बाईंनी सांगितलं, आधी तसाच घोट घ्या, मग एकेक घालत जा. शेवटची चव खाणाऱ्यानं लावायची असते. मिसळीवर कट वाढवून घेणाऱ्या माणसाला हे लगेच पटतं.

पण मला खरं मोलाचं वाटलं ते वेगळंच. गोडाच्या गाडीवरची म्हातारी आमच्या गाईडवर ओरडली. काय झालं विचारलं, तर म्हणाल्या, "काल आले नाही म्हणून रागावलीय." तिथं माझं मत पक्कं झालं. गाडीवाला गाईडला नावानं ओळखतो का, त्याच्यावर हक्कानं रागावू शकतो का, यावर सगळा फेरफटका अवलंबून असतो. तसं असेल तर आपण गिऱ्हाईक राहत नाही, त्या गल्लीतल्या माणसाचे पाहुणे होतो.

आणखी एक. असा फेरफटका पहिल्याच संध्याकाळी घ्या. परतीच्या आदल्या रात्री घेतलात तर शिकलेलं वापरायला दिवसच उरत नाहीत.

शाहूपुरी, गृहिणी

आम्ही जैन. कांदा, लसूण, बटाटा काही चालत नाही. बँकॉकला जायचं ठरल्यावर सासूबाईंनी खाकऱ्यांनी बॅग भरून दिली होती. मुलानं मात्र शाकाहारी फेरफटका शोधून बुक केला आणि आधी आठवडाभर गाईडशी लिहून लिहून सगळं स्पष्ट करून घेतलं.

तिथं 'जे' नावाचा आहार असतो. पिवळ्या पताकेवर लाल अक्षरं, दिसायला इंग्रजी सतरासारखी. चिनी वंशाच्या थाई लोकांची ही परंपरा. त्यात मांस, मासे, अंडी, दूध तर नाहीच, पण कांदा-लसूणसुद्धा वर्ज्य. हे ऐकून माझा विश्वासच बसेना. त्यांच्या नवव्या चांद्र महिन्यात, बहुधा सप्टेंबर-ऑक्टोबरच्या आसपास, नऊ दिवसांचा उत्सव असतो, तेव्हा यावरात पिवळ्या पताकांनी भरून जातो. नुसतं शाकाहारी आहे म्हणून सांगितलं तर अंडं, लसूण येऊ शकतं. 'जे' म्हटलं की येत नाही.

तरी कंदमुळांचा प्रश्न राहतोच. गाजर, अळकुड्या 'जे'मध्ये चालतात. तिथं गाईडचा उपयोग झाला. त्या मुलीनं प्रत्येक ठिकाणी आत जाऊन भांड्यात काय काय पडतंय ते विचारलं. एका ठिकाणी तिचं समाधान झालं नाही, तर ठरलेलं असूनही आम्हाला बसवलं नाही, पुढे नेलं. नारळाच्या दुधातला चिकट भात आणि आंबा मी तिथं मनसोक्त खाल्ला. आपल्याकडच्या शाकाहारी मंडळींनी बिचकून घरी बसू नये. फक्त बुक करण्याआधी काय चालत नाही याची यादी लिहून पाठवा. "आम्ही व्हेज" एवढ्यानं भागत नाही, कारण माशाचं पाणी त्यांच्या लेखी मिठासारखं सगळ्यात पडतं.

गोकुळ शिरगाव, फौंड्रीत नोकरी

हनोई. लय भारी शहर आहे भावांनो. जुन्या भागात एकेका धंद्याची एकेक गल्ली, चांदीवाल्यांची वेगळी, साखर-मिठाईवाल्यांची वेगळी. आपल्या गुजरीत नि चप्पल लाईनीत वाढलेल्याला तिथं चुकल्यासारखं होत नाही.

आमचा गाईड कॉलेजातला पोरगा. मी आदल्या संध्याकाळीच त्याला म्हटलं, बुन चा खायचंय. तो म्हणाला, आत्ता नको, ते दुपारचं खाणं, उद्या अकरानंतर या. फेरफटका सकाळचा होता, त्यानं तो थोडा पुढं ढकलला, पण ऐकलं नाही. दुसऱ्या दिवशी कारण कळलं. फूटपाथवर कोळशाची शेगडी, एक बाई जाळीत डुकराच्या मांसाचे तुकडे नि चपट्या वड्या उलटसुलट करतीय, हातात पंखा, अख्खी गल्ली धुरानं भरलेली. ते भाजलेलं मांस आंबट-गोड कोमट पाण्यात पडतं, त्यात कच्च्या पपईच्या चकत्या, बाजूला तांदळाच्या शेवया आणि पाटीभर पालेभाज्या. शेवया थोड्या थोड्या बुडवून खायच्या, एकदम ओतायच्या नाहीत. २०१६ ला ओबामा ज्या दुकानात बुन चा खायला गेले होते, तिथं न्यायला त्यानं नकार दिला नसता, पण म्हणाला, मी आईला जिथं नेतो तिथं चला. मला हे लय आवडलं.

शेवटी अंड्याची कॉफी. १९४६ मध्ये दुधाची टंचाई होती, तेव्हा मेट्रोपोल हॉटेलात काम करणाऱ्या न्गुयेन वान जांग यांनी दुधाऐवजी अंड्यातला बलक फेटून कॉफीवर घातला. त्यांच्या घरच्यांचं दुकान अजून चालू आहे. कप गरम पाण्याच्या वाटीत ठेवून देतात, म्हणजे निवत नाही. वास येईल म्हणून घाबरू नका, अजिबात येत नाही.

राजारामपुरी, निवृत्त बँक अधिकारी

सिंगापूरला गाईडची गरज नाही, हे माझं स्पष्ट मत. तिथल्या सरकारनं १९७०च्या दशकापासून रस्त्यावरच्या विक्रेत्यांना पाणी, गटार, छप्पर असलेल्या हॉकर सेंटरमध्ये नेलं; १९८६ पर्यंत ते काम पुरं झालं. २०२० मध्ये या हॉकर संस्कृतीची युनेस्कोच्या यादीत नोंद झाली. प्रत्येक गाळ्यावर फलक, चित्र, किंमत. बोट दाखवा आणि घ्या. टेबलावर कागदी रुमालाचं पाकीट ठेवलेलं दिसलं तर तिथं बसू नका, ती जागा धरलेली असते, एसटीच्या खिडकीतून टाकलेल्या रुमालासारखी. गाईडचे पैसे वाचवून दोन गाळे जास्त खा.

ताराबाई पार्क, डॉक्टर

सगळे मला पोटाचं विचारतात, म्हणून थोडक्यात. गर्दी असलेली गाडी निवडा, डोळ्यांदेखत तापलेलं खा, कापून ठेवलेली फळं टाळा. थायलंडमध्ये मधे भोक असलेला नळकांड्यासारखा बर्फ कारखान्यातला असतो, तो चालेल. ठोकळ्यातून फोडलेला नको. व्हिएतनाममध्ये कच्चा पाला पाटीभर येतो, पोट नाजूक असेल तर तो गरम रश्श्यात बुडवा. क्षारसंजीवनीची पाकिटं इथूनच न्या. चांगला गाईड हे सगळं स्वतःहून सांगतो आणि एकाच वेळी पोट गच्च भरू देत नाही.

मंगळवार पेठ, कापड दुकान

माझा अनुभव वाईट आहे, तोही लिहायला हवा. शहर आणि कंपनी लिहीत नाही. आमचा गट एवढा मोठा होता की मागच्याला गाईडचा आवाज ऐकू येत नव्हता. पहिल्या दोन ठिकाणी चमच्याएवढं चाखायला दिलं आणि तिसऱ्या ठिकाणी सुक्या मेव्याच्या दुकानात बसवून ठेवलं. तिथं मात्र वेळच वेळ. एकाही गाडीवाल्यानं गाईडकडे मान वर करून पाहिलं नाही. वर धागाकर्त्यांनी गाडीवाल्याच्या ओळखीबद्दल लिहिलंय ते वाचून मला लख्ख कळलं की आमच्या फेरफटक्यात काय नव्हतं.

बुक करण्याआधी हे विचारा: गटात जास्तीत जास्त किती माणसं? खाण्याचे पैसे धरलेत का? कुठल्या दुकानात खरेदीला थांबणार का? आणि कुठला वार? बँकॉकमध्ये सोमवारी बऱ्याच गाड्या बंद असतात. उत्तर गुळमुळीत आलं तर सोडून द्या.

गंगावेस, घरच्या म्हशी

मी दिल्लीचं लिहितो. परदेश नाही, पण शहर मोठं आणि आशियातलंच. थंडीत पुतण्याकडं गेलो होतो, त्यानं जुन्या दिल्लीचा सकाळचा फेरफटका ठरवला. जामा मशिदीच्या बाजूला रात्रभर शिजलेली निहारी, मग पराठ्यांची गल्ली, ते सगळं चांगलंच. पण किनारी बाजाराच्या तोंडाशी एक माणूस परातीत पांढराशुभ्र फेस घेऊन उभा होता. दौलत की चाट.

गाईड म्हणाला, खा. मी म्हणालो, थांब, आधी विचार हे कसं करतो. आमच्या घरात दुधाचाच धंदा, कट्ट्यावर गिऱ्हाईकासमोर धार काढून पेला हातात द्यायचा, त्यामुळं दुधाचा फेस मी रोज बघतो. पण तो घटकेत बसतो. हा तासन् तास उभा कसा? गाईडनं त्या माणसाला माझी ओळख करून दिली, "ये भी दूधवाले हैं, कोल्हापूर से." झालं, तो गडी खुलला. दूध-साय थंडीत ठेवायची, मध्यरात्रीनंतर उठून घुसळायची, वर आलेला फेस हलक्या हातानं काढत राहायचा. ऊन चढलं की खेळ संपला, म्हणून हे फक्त थंडीत. वर केशर, खवा, पिस्ते, बुरा साखर. तोंडात घातलं की नुसती चव राहते, खाल्लेलं काही उरत नाही.

त्यानं मला विचारलं, म्हैस कुठली? मी म्हणालो, आमच्याकडं पंढरपुरी. तो म्हणाला, इथं मुऱ्हा. मग फॅट, वैरण, पेंडीचा दर, सगळं निघालं. बाकीचा गट पुढं गेला, पण गाईडनं आम्हाला तोडलं नाही, पुतण्याला पुढचा पत्ता सांगून ठेवला. दोन दूधवाल्यांची गाठ घालून दिली, हे त्याचं उपकार मी विसरणार नाही.

नागाळा पार्क, प्रश्न

दिवाळीत मुलाचे ओसाकाचे सहकारी घरी येणार आहेत. त्यांनी त्याला तिकडं दोतोंबोरीला खायला फिरवलं होतं, आता आमची पाळी. कोल्हापूर एका दिवसात कसं फिरवावं? तिखट सोसेल का?

रंकाळा, भेळेची गाडी

ताई, मी परदेशात गेलो नाही, पण माझ्या गाडीवर पाहुणे घेऊन गाईड येतात, म्हणून लिहितो. कोणत्या गाडीवर कधी येणार ते आदल्या दिवशी कळवा. रविवारी संध्याकाळी नको, तेव्हा मला मान वर करायला फुरसत नसते. आडवारी पाचच्या आत या, मी चिंच-गुळाचं पाणी कसं करतो तेसुद्धा दाखवीन. फोटो काढा, पण आधी विचारा, आणि रांगेतल्या नेहमीच्या माणसाला मागं सारू नका. पैसे सगळ्यांसारखेच द्या, जास्त नको, फुकट तर मी मागूनही देणार नाही.

क्रम असा धरा. सकाळी लवकर गंगावेशीत दूध, वरच्या काकांच्या कट्ट्यावरच न्या. मग थोडं चाला, अंबाबाईचं दर्शन घ्या, भूक लागू द्या. नऊच्या सुमारास मिसळ. तिखटाचं म्हणाल तर मिसळीत कट ओतूनच आणू नका, वेगळ्या वाटीत मागवा, दही जास्त घ्या, आणि ब्रेड कटात बुडवून आधी एक घास खायला सांगा. सोसला तर त्यांच्या हातानं वाढून घेतील. दुपारी काही नको, झोपू द्या. संध्याकाळी भेळ, तिखट चटणी मी बाजूला देतो. रात्री जेवण घरीच करा, ताई. पांढरा रस्सा आधी वाढा, तांबडा नंतर. कोण येणार, किती जण, ते आठवडाभर आधी सांगा, कैरी मिळाली तर ठेवतो.