व्हिएतनाममधील सापा गावाभोवतीच्या डोंगरात तीन दिवस पायी आणि घरगुती मुक्काम : वाटाडी, घर आणि हंगाम कसा निवडावा?

शहापूरकर (बेळगाव)

नमस्कार मंडळी. आम्ही बेळगावचे पाच जण व्हिएतनामच्या उत्तरेकडील लाओ काय प्रांतात, सापा या डोंगरी गावाच्या परिसरात, तीन दिवस पायी हिंडण्याचा आणि दोन रात्री डोंगरातील गावांत लोकांच्या घरी राहण्याचा बेत करीत आहोत. आमच्यापैकी तिघांना जांबोटी, कणकुंबी, चोर्ला या भागांत चालण्याची चांगली सवय आहे. माझ्या थोरल्या बहिणीने साठी ओलांडली आहे. ती रोज चालते, पण उतारावर तिचे गुडघे बोलू लागतात. एक मित्र जैन असून तो अंडेही खात नाही.

हनोईतील प्रवास कंपन्यांनी पाठवलेले कार्यक्रम एकाच साच्यातले आहेत. पहिल्या दिवशी लाओ चाय, मग ता वान, तिथे ‘आदिवासी घरात मुक्काम’, दुसऱ्या दिवशी एक धबधबा आणि परत. ते घर कोणाचे, तिथे स्वयंपाक कोण करते आणि आम्ही भरलेल्या रकमेतील काही भाग त्या घरापर्यंत पोचतो की नाही, याबद्दल कोणीही एक ओळ लिहिलेली नाही. लोक आपल्या घरात आपल्याला झोपायला जागा देणार असतील, तर हे आधी माहीत असावे असे मला मनापासून वाटते. म्हणून विचारतो : वाटाड्या कसा शोधावा, कोणत्या वाटेने जावे, कोणत्या महिन्यात जावे आणि शाकाहारी माणसाची सोय कशी लागेल? जे जाऊन आले आहेत त्यांनी सविस्तर लिहावे, ही विनंती.

वाटसरू (निपाणी)

शहापूरकर, आपण वाटाड्या पहिला विचारलात हे योग्यच केलेत. वाट आधी ठरवून मग वाटाड्या शोधला, तर फिरून हनोईचाच कार्यक्रम हाती येतो. वाटाडी आधी ठरली, तर वाट, घर आणि जेवण तीच ठरवते, आणि ती ठरवते तेव्हा घर बहुधा तिच्या नात्यातले किंवा ओळखीचे असते. मी ‘वाटाडी’ असे लिहितो, कारण सापामध्ये हे काम मुख्यतः हमोंग आणि दाओ या डोंगरी समाजांतील स्त्रिया करतात. त्यांतील कित्येक जणी पर्यटकांबरोबर चालता चालताच इंग्रजी बोलायला शिकल्या आहेत आणि आपल्याशी अगदी सहज बोलतात. सापा सिस्टर्स ही हमोंग स्त्रियांनी चालवलेली संस्था २००९ पासून हे काम करते. तिच्याशिवाय स्वतंत्रपणे काम करणाऱ्याही पुष्कळ जणी आहेत.

पैशांबाबत माझा आग्रह असा आहे की वाटाडीची मजुरी, घरातील मुक्काम व जेवण आणि परतीच्या गाडीचे भाडे असे तीन आकडे वेगवेगळे मागून घ्यावेत. जी वाटाडी स्वतः घर ठरवते, तिला हे तिन्ही आकडे माहीत असतात. जो मध्यस्थ केवळ एकच एकत्रित रक्कम सांगतो आणि विचारल्यावरही ती उलगडत नाही, त्याच्याकडे जाऊ नये. आकडे कळल्यावर मात्र घासाघीस करू नका. पाच माणसांना दिवसभर चिखलातून सुखरूप नेणे हे कसबाचे काम आहे, आणि त्या बाईचे शेत, मुले व घर त्या दिवशी दुसरे कोणीतरी सांभाळत असते.

आता वाट. सापा सुमारे पंधराशे मीटर उंचीवर आहे आणि त्याच्या पायथ्याशी मुओंग होआची दरी पसरली आहे. पलीकडे होआंग लिएन सोन ही डोंगररांग आणि तिच्यातील फान्सीपान हे ३१४३ मीटरचे शिखर. त्या शिखरावर २०१६ पासून केबल कार जाते, आणि बहुतेक कंपन्या तीही याच तीन दिवसांत कोंबतात. ती तुमच्या बेतातून सरळ काढून टाका. दरीत उतरले की यी लिन हो आणि लाओ चाय ही काळ्या हमोंगांची गावे लागतात, त्यानंतर ता वान हे ग्याय लोकांचे गाव येते. पुढे ग्यांग ता चाय, तिथे बांबूचे बन आणि लाल दाओ लोकांची घरे आहेत, आणि खाली खूप उतरल्यावर बान हो लागते. तिथे ताय लोक खांबांवर उभारलेल्या लाकडी घरांत राहतात आणि हवा सापापेक्षा बरीच उबदार असते. अशा रीतीने तीन दिवसांत चार वेगवेगळ्या समाजांच्या गावांतून जाणे होते. व्हिएतनाममध्ये मान्यताप्राप्त समाज चौपन्न आहेत आणि त्यांपैकी एकटे किन्ह सुमारे पंचाऐंशी टक्के, हे लक्षात घेतले म्हणजे या एका दरीतील वैविध्याची कल्पना येईल.

ता वानमध्ये आता कॅफे पुष्कळ झाले आहेत, आणि बाहेरून आलेल्या व्यावसायिकांनी गावातील जागा घेऊन चालवलेली निवासेही आहेत. तिथे राहण्यात गैर काही नाही, परंतु आपल्याला जे हवे आहे ते तिथे मिळणार नाही. पहिला मुक्काम ता वानच्या थोडा पुढे किंवा वरच्या अंगाच्या वाडीत घ्यावा, असे माझे मत आहे.

आणखी एक गोष्ट आधीच ठरवून ठेवा. सापातून निघताना काही हमोंग बायका पाठीवर टोपली घेऊन सोबत चालू लागतात, निसरड्या जागी हात देतात, आणि दुपारच्या थांब्यावर भरतकामाच्या पिशव्या विकायला काढतात. त्यांची मदत नको असेल, तर पहिल्याच वळणावर नम्रपणे तसे सांगावे. दोन तास हात धरून चालल्यावर काही न घेता निघून जाणे मला बरे वाटत नाही. लहान मुलांकडून मात्र काहीही विकत घेऊ नये आणि त्यांना पैसे किंवा गोळ्याही देऊ नयेत. रस्त्यावर कमाई होऊ लागली की शाळा सुटते, आणि हे तिथली वडीलधारी माणसेच सांगतात.

रानजाई (बेळगाव)

वाटसरूंनी वाटेचे नीट सांगितले आहे, म्हणून मी घरातले लिहिते.

बहुतेक घरांत पाहुण्यांची सोय माळ्यावर किंवा एका मोठ्या खोलीत असते. लाकडी फळ्यांवर गाद्या, वर मच्छरदाणी आणि जाड पांघरुणे. संडास-न्हाणीघर घराला लागून पण बाहेर असते आणि गरम पाणी आता पुष्कळ ठिकाणी मिळते. भिंती फळ्यांच्या असल्यामुळे रात्री दहानंतर मोठ्याने बोलू नये, कारण घरातील बायका पहाटे उठून चूल पेटवतात.

शाकाहाराची अडचण मांसापेक्षा माशांच्या रसाची असते. न्युओक माम नावाचा हा मुरवलेला रस मिठाच्या जागी भाजीतही घातला जातो, आणि घालणाऱ्याला त्यात वावगे वाटत नाही. ‘आन चाय’ म्हटले की शाकाहारी जेवण एवढे कळते, परंतु त्यावर विसंबू नका. वाटाडीकडून आदल्या दिवशी घरी निरोप पाठवावा की मासे, मांस, अंडे, माशांचा रस आणि डुकराची चरबी यांपैकी काहीही नको, मीठ व तेल चालेल. असा स्पष्ट निरोप गेला तर जेवण छान होते. भात, टोफू, मोहरीचा पाला, भोपळ्याचे कोंब, आणि सापाची खासियत म्हणजे चाऊचाऊ या फळभाजीच्या वेलाचे कोवळे शेंडे लसणीवर परतलेले. तुमचे मित्र लसूण खात नसतील तर तेही याच निरोपात सांगा. चपातीची अपेक्षा ठेवू नका. शेंगदाण्याची चटणी मात्र जरूर न्या. भाताबरोबर ती उत्तम लागते आणि घरच्यांनाही चाखायला देता येते.

जेवताना घरधनी मक्याची किंवा तांदळाची दारू छोट्या पेल्यांत ओततो. नको असेल तर पहिल्या पेल्याच्या आधीच वाटाडीमार्फत सांगावे. कोणी रागावत नाही. मधेच पेला खाली ठेवणे अधिक अवघड जाते.

हमोंग घरात मुख्य दारासमोरच्या भिंतीवर पितरांचे स्थान असते. तिथे पिशवी टेकवू नये, हात लावू नये, फोटो काढायचा असल्यास विचारावे. एखाद्या घराच्या दारावर हिरव्या डहाळ्या बांधलेल्या दिसल्या, तर बाळंतपण किंवा काही विधी असू शकतो. वाटाडीने होकार दिल्याशिवाय त्या घरात पाऊल टाकू नये.

संध्याकाळी वेळ मिळेल तेव्हा घरातल्या बाईजवळ बसा. हमोंग बायका भांगेच्या झाडाच्या धाग्यांपासून विणलेल्या (हेंप) कापडावर वितळलेल्या मेणाने नक्षी काढतात आणि मग ते कापड निळीत पुन्हा पुन्हा बुडवतात. मेण होते तिथे पांढरी रेघ राहते. निळीची झाडे त्या घराजवळच लावतात, पाने कुजवून चुन्याने रंग खाली बसवतात, आणि या कामाने त्यांचे हात मनगटापर्यंत निळे असतात. एका घागऱ्यामागे किती महिन्यांचे काम असते हे समोर पाहिल्यावर, बाजारातील छापील कापड आणि हे कापड यांतला फरक सांगावा लागत नाही. काही विकत घ्यायचे असेल तर ते याच घरातून घ्या.

वाटसरूंशी एका बाबतीत माझे मत जुळत नाही. बान होपर्यंतची वाट सुंदर आहे, पण शेवटचा उतार लांब आहे. साठीच्या ताईंना तिथे नेण्याआधी पुन्हा विचार करावा.

भातखाचर (खानापूर)

हंगामाविषयी शेतकरी म्हणून लिहितो. सापामध्ये वर्षाला भाताचे एकच पीक निघते, कारण थंडी कडक असते आणि हिवाळ्यात कधी कधी बर्फही पडते. मे-जूनमध्ये खाचरांत पाणी भरून चिखलणी आणि रोपलावणी होते, ऑगस्टच्या अखेरीस भात पिवळे पडू लागते आणि सप्टेंबरमध्ये कापणी चालते. आपल्याकडे धूळवाफेवर कुरीने पेरणारे अनेक जण आहेत. तिथे सगळी रोपलावणीच. उभ्या डोंगरावर एकेक हाताच्या बांधाने पाणी अडवून ते वरच्या खाचरातून खालच्यात सोडणे आणि एकाही बांधाला फूट पडू न देणे, हे काम बघण्यासाठी तरी मेअखेरीस जावे. सगळे लोक पिवळ्या शेतांच्या फोटोंसाठी सप्टेंबरमध्ये जातात. मला पाण्याने भरलेली खाचरे अधिक आवडली, आणि गर्दीही त्या वेळी कमी असते.

सप्टेंबरमध्ये जाणारच असाल, तर एक गोष्ट गांभीर्याने घ्या. तो वादळांचाही महिना आहे. सप्टेंबर २०२४ मध्ये यागी वादळाच्या पावसाने लाओ काय प्रांतातील लांग नू ही वस्ती दरड आणि चिखलाच्या लोंढ्याखाली गेली आणि पुष्कळ कुटुंबे गेली. म्हणून बेतात एक मोकळा दिवस ठेवा, विमानाची वेळ आणि डोंगरातून परतण्याची वेळ एकमेकींना चिकटवू नका, आणि वाटाडीने ‘आज नको’ म्हटले तर एका शब्दानेही वाद घालू नका. जुलै-ऑगस्टमध्ये जाण्याचा सल्ला मी कोणालाही देणार नाही. डिसेंबर ते फेब्रुवारी दरी बहुतेक वेळ धुक्यात असते.

सप्टेंबरपासून तिथे मोठ्या वेलचीचीही तोडणी सुरू होते. होआंग लिएनच्या जंगलात, झाडांच्या सावलीत ती लावतात, आणि हमोंग व दाओ घरांना रोख पैसा देणारे ते पीक आहे. त्या दिवसांत घरातील पुरुष डोंगरावर असतील. घरी फक्त आजी आणि मुले भेटली, तर आपले स्वागत झाले नाही असे समजू नये.

सरावासाठी कणकुंबी, पारवाडच्या बाजूने पावसाळ्याच्या शेवटी चाला. लाल मातीचा निसरडा उतार तिथे भरपूर आहे. भीमगड अभयारण्य २०११ मध्ये जाहीर झाले असून, आत जाण्यासाठी वनखात्याची परवानगी लागते. त्यामुळे सरावाच्या नावाखाली आतल्या वाड्यांवर मुक्काम करू नका. आपल्याच गवळीवाड्यांवर शनिवार-रविवारी गाड्या घेऊन येणारे लोक न विचारता परड्यात शिरतात, म्हाताऱ्या माणसांच्या तोंडावर कॅमेरा धरतात, हे मी पाहतो आणि मला त्याचा त्रास होतो. तुम्ही प्रश्न विचारला आहे त्यावरून तुम्ही तसे वागणार नाही याची खात्री आहे, म्हणून तर एवढे लिहिले.

शहापूरकर (बेळगाव)

तिघांचेही मनापासून आभार. मेअखेरीस जाण्याचे आम्ही जवळजवळ ठरवले आहे. आता दोनच शंका उरल्या. बहिणीसाठी बान होऐवजी दुसरी वाट कोणती घ्यावी? आणि हनोईपर्यंतच्या व नंतरच्या प्रवासाची, व्हिसाची आणि रोख पैशांची व्यवस्था कशी करावी?

वाटसरू (निपाणी)

रानजाईंचे म्हणणे मला मान्य आहे. ताई सोबत असतील तर पहिली रात्र ता वानच्या वरच्या वाडीत काढावी, दुसऱ्या दिवशी ग्यांग ता चायपर्यंत जाऊन रस्त्याला लागावे आणि तिथून गाडीने ता फिनला जावे. ते लाल दाओ आणि हमोंग लोकांचे गाव सापाच्या दुसऱ्या अंगाला आहे. तिथली चढण सौम्य असून शेतांमधून पायवाटा आहेत. दाओ लोक जंगलातील औषधी पाला उकळून लाकडी पिंपात स्नानासाठी देतात, आणि दोन दिवस चाललेल्या गुडघ्यांना त्याने खरोखर आराम पडतो. तिसऱ्या दिवशी ता फिनच्या आसपास ताईंना झेपेल तेवढेच चालावे. तुम्हा तिघांना बान हो पाहायचेच असेल, तर दुसरी वाटाडी घेऊन वेगळे व्हा. एकाच वाटाडीला दोन गट सांभाळायला लावू नका.

व्हिएतनामचा ई-व्हिसा १५ ऑगस्ट २०२३ पासून नव्वद दिवसांपर्यंत मिळतो. एका प्रवेशाचे शुल्क पंचवीस डॉलर आहे. अर्ज सरकारी संकेतस्थळावरच भरावा, कारण त्यासारखी दिसणारी खासगी संकेतस्थळे जास्त पैसे घेतात. मुंबईहून हनोईला थेट विमान आहे. हनोईहून रात्रीची रेल्वे सुमारे आठ तासांत लाओ कायला पोचते आणि तिथून सापा अडतीस किलोमीटर. बसने द्रुतगती मार्गाने पाच-सहा तासांत थेट सापा गाठता येते. ताईंसाठी मी रेल्वेच सुचवेन, कारण तिथे नीट आडवे पडता येते.

एटीएम सापामध्ये आहेत, पुढच्या गावांत त्यांचा भरवसा धरू नये. म्हणून तीन दिवसांचे डोंग (तिथले चलन) छोट्या नोटांत सोबत घ्या. वाटाडीने आगाऊ रक्कम मागितली तर थोडी द्यावी, उरलेली शेवटच्या दिवशी तिच्या हाती. घराचे पैसे शक्य तर निघताना घरातल्या बाईच्याच हाती. बूट नवे घेऊ नका. सापामध्ये रबरी गमबूट भाड्याने मिळतात आणि मेअखेरच्या चिखलात तेच कामाला येतात, फक्त मोठ्या मापाचे लवकर संपतात, त्यामुळे तुमच्यात कोणाचा पाय मोठा असेल तर वाटाडीला माप आधी कळवा.