बेने इस्रायल, इस्रायल आणि भारत: वडिलांसाठी आणि माझ्यासाठी पुस्तकं सुचवा

चौलवाट

नमस्कार मंडळी. माझं आजोळ अलिबागचं. लहानपणी मे महिन्यात इस्रायल आळीतून सायकल हाणत समुद्रावर जायचो, पण आळीला हे नाव का पडलं, हा प्रश्न एकदाही डोक्यात आला नाही. आजी "शनवार तेल्यांची घरं" एवढंच म्हणायची आणि पुढे निघायची. गेल्या महिन्यात बाबांना घेऊन गेलो. मागेन अबोथ सिनेगॉगच्या (ज्यूंच्या प्रार्थनास्थळाच्या) फाटकापाशी ते बराच वेळ उभे राहिले. परत येताना गाडीत प्रश्नांची सरबत्ती. ही बेने इस्रायल माणसं, म्हणजे आपले कोकणातले ज्यू, आली कधी, इस्रायलला का गेली, तिकडे जाऊन काय झालं, आणि आपलं सरकार इतकी वर्षं इस्रायलशी अंतर ठेवून का होतं?

मला एकाही प्रश्नाचं धड उत्तर देता आलं नाही. बाबा ७४ वर्षांचे आहेत, मराठीच वाचतात. मी इंग्रजी वाचू शकतो. कृपया मोसादच्या करामती नकोत, त्या घरच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर रोज सकाळी येतात.

जुनीपानं

सुरुवात केहिमकरांपासून करा. हाईम सॅम्युएल केहिमकर, आडनावातच अलिबागजवळचं किहीम आहे. त्यांनी बेने इस्रायलांचा इतिहास इंग्रजीत १८९७च्या सुमारास लिहून ठेवला, पण तो छापला गेला १९३७ साली, तोही तेल अवीवमध्ये. लेखक तोवर हयात नव्हते. घरचा माणूस घरच्यांबद्दल लिहितो तसं आहे: लग्नात काय, बारशाला काय, कोणत्या सणाला मराठीत काय म्हणतात. नवगावजवळ पूर्वजांचं गलबत फुटलं आणि सात पुरुष, सात बायका वाचल्या, ही कथा ते इतिहास म्हणूनच मांडतात. तिथे सांभाळून वाचा, ती परंपरा आहे, पुरावा नव्हे. बाकी तपशील मात्र सोनं.

त्याला तोलायला शर्ली बेरी आयझेनबर्ग यांचं 'इंडियाज बेने इस्रायल' घ्या (पॉप्युलर प्रकाशन, १९८८). जाडजूड आहे. सलग वाचायचं नाही, हवं ते पान काढून वाचायचं.

अश्दोदची_सून

चौलवाट, आमचं घर मूळचं पेणकडचं. सासूबाई तरुणपणी इकडे इस्रायलला आल्या आणि अजून हिशोब मराठीत करतात. "शनवार तेली" म्हणजे काय ते बाबांना सांगा: कोकणात आमच्या लोकांचा धंदा तेलाच्या घाण्याचा, आणि शनिवारी शब्बाथ, म्हणजे विश्रांतीचा पवित्र दिवस, म्हणून घाणा बंद. शेजाऱ्यांनी त्यावरून नाव पाडलं. बाकी धर्माचं फारसं काही आठवत नव्हतं म्हणतात, पण शनिवार, सुंता, खवल्यांचाच मासा आणि 'शेमा'ची प्रार्थना टिकली.

पुस्तक सांगायचं तर एस्थर डेव्हिड यांचं 'बुक ऑफ रेचेल'. कादंबरी आहे. साहित्य अकादमी पुरस्कार मिळालाय (२०१०, इंग्रजीसाठी). अलिबागजवळच्या दांड्यात सगळे इस्रायलला निघून गेल्यावर मागे राहिलेली एक बाई सिनेगॉग वाचवायला झगडते. प्रत्येक प्रकरणाच्या तोंडाशी एक पाककृती. मलिद्याची वाचली आणि मला थेट सासूबाईंचं ताट दिसलं: भिजवलेले पोहे, गूळ, खोबरं, वर फळं, आणि एलियाहू हन्नबीचं (प्रेषित एलियाचं) नाव घेतल्याशिवाय कुणी हात लावायचा नाही.

एक विनंती. "तिकडे गेले आणि सुखी झाले" असं बाबांना सांगू नका. साठच्या दशकात इथल्या मुख्य रब्बींनी (धर्मगुरूंनी) आमच्या लोकांच्या लग्नांवर जास्तीची चौकशी लावली, तुम्ही पुरते ज्यू आहात का म्हणून. १९६४ला लोक जेरुसलेममध्ये धरणं धरून बसले, तेव्हा इथल्या संसदेला ठराव करावा लागला. सासूबाई हा विषय निघाला की अजून भांडी जोरात आपटतात.

विदेशनीती_काका

सरकारने ४२ वर्षं अंतर का ठेवलं, या बाबांच्या प्रश्नासाठी पी. आर. कुमारस्वामी, 'इंडियाज इस्रायल पॉलिसी', २०१०. भाषा कोरडी आहे, चहा घेऊन बसा. थोडक्यात क्रम असा. नोव्हेंबर १९४७, पॅलेस्टाइनच्या फाळणीचा ठराव संयुक्त राष्ट्रांत ३३ विरुद्ध १३ मतांनी मंजूर, आपण विरोधात. स्वतःची फाळणी नुकती भोगलेला देश दुसऱ्याच्या फाळणीला हात वर कसा करणार? शिवाय अरब देश, काश्मीर, देशातलं मुस्लिम मत, सगळंच होतं. सप्टेंबर १९५०ला मान्यता. १९५३पासून मुंबईत त्यांचा वाणिज्य दूतावास (कॉन्सुलेट), पण दिल्लीत पूर्ण दूतावास नाही. म्हणजे पाहुण्याला ओसरीवर बसवलं, आत काही बोलावलं नाही. आत बोलावलं जानेवारी १९९२मध्ये, नरसिंह रावांनी, सोव्हिएत संघ कोसळल्यावर आणि अरब स्वतःच माद्रिदला इस्रायलशी वाटाघाटींना बसल्यावर.

मधल्या काळात सगळं थंड होतं असंही नाही. १९७७मध्ये मोरारजींच्या काळात इस्रायलचे परराष्ट्रमंत्री मोशे दायान गुपचूप येऊन गेले होते.

शिवाजीनगर_लोकल

बाबांसाठी मराठीत ना. ह. पालकरांचं 'इस्रायल: छळाकडून बळाकडे' नाही का? आमच्या पिढीने तेच वाचलं. अंगावर काटा येतो.

जुनीपानं

काटा येतो, मान्य. मी शाळेत असताना दोनदा वाचलंय. पण पालकर संघाचे, हेडगेवारांचं चरित्र लिहिणारे तेच, आणि पुस्तकाचा सूर शीर्षकातच आहे. तिथे इस्रायल हा आपल्याला धडा म्हणून येतो. तिथे आधीपासून राहणारी माणसं कुठे गेली, हे त्यात शोधायला जाऊ नका. द्यायचं तर जरूर द्या, पण एकटं देऊ नका.

विदेशनीती_काका

सहमत. आणि जोडी लावायची तर चौलवाट, तुम्हीच इंग्रजीतून वाचून बाबांना सांगा. बेनी मॉरिस यांचं '१९४८' (२००८) आणि रशीद खालिदी यांचं 'द हंड्रेड इयर्स वॉर ऑन पॅलेस्टाइन' (२०२०). मॉरिस इस्रायली, कागदपत्रांत बुडालेले. सुमारे सात लाख पॅलेस्टिनी घरं सोडून गेले, त्यातले किती पळाले आणि किती हाकलले, हे ते तपासतात. खालिदींचं पुस्तक त्यांच्याच घराण्यातल्या एका गृहस्थांनी १८९९ साली लिहिलेल्या पत्रापासून सुरू होतं. ते पत्र हर्झलपर्यंत, म्हणजे ज्यू राष्ट्राच्या (झायोनिस्ट) चळवळीच्या नेत्यापर्यंत, पोचलं होतं: तुमचं दुःख समजतं, पण इथे लोक राहतात, पॅलेस्टाइनला सोडा. हर्झलने उत्तरही दिलं, अगदी गोड भाषेत. ती दोन पत्रं वाचायला दहा मिनिटं लागतात. मी नंतर दोन दिवस दुसरं काही वाचलं नाही.

शिवाजीनगर_लोकल

खालिदी एकतर्फी आहेत, हेही सांगा की.

विदेशनीती_काका

आहेत. लपवतही नाहीत. म्हणून तर जोडी म्हटलं.

गुप्तहेर_७७

मोसादवर एखादं चांगलं?

अश्दोदची_सून

धागा पुन्हा वाचा, दादा.

रास्तापेठी

उशिरा आलो. वरच्या चर्चेत एक गोष्ट राहिली, तिचा मला अभिमान आहे: मराठी हगादा. वल्हांडणाच्या (ज्यूंच्या पासओव्हर सणाच्या) रात्री वाचतात ते पुस्तक, हिब्रू आणि मराठी शेजारीशेजारी. मुंबईत १८४६ साली शिळाप्रेसवर छापलं, पुण्यात १८७४ साली. पुण्याच्या प्रतीतल्या चित्रात नऊवारी नेसलेल्या बायका जमिनीवर बसून बेखमीर भाकरी करताहेत. मिसरातून (इजिप्तमधून) ज्यूंच्या सुटकेची गोष्ट, आणि चित्रात आपली माजघरं! बाबांना आधी हे चित्र दाखवा, इंटरनेटवर सापडेल. पुस्तकं मग.

आणि नाझी काळासाठी त्यांना वि. ग. कानिटकरांचं 'नाझी भस्मासुराचा उदयास्त' द्या. ओघवतं आहे. ७४व्या वर्षी टाइप बारीक वाटेल, भिंग ठेवा जवळ.

चौलवाट

सगळ्यांचे आभार. हगाद्याचं चित्र दाखवलं. बाबा पदराकडे बघत म्हणाले, "अगदी आमच्या आईसारखा खोचलाय." मग बराच वेळ फोन परत दिलाच नाही.

ठरवलं असं: बाबांना कानिटकर आणि पालकर, मला कुमारस्वामी, मॉरिस, खालिदी. रेचेल बायकोने आधीच पळवलं. आयझेनबर्ग नवीन कुठेच मिळत नाहीये. पुण्यात जुन्या पुस्तकांत कुणी पाहिलंय का?

रास्तापेठी

माझ्याकडे आहे. कव्हर सुटलंय आणि सणांच्या प्रकरणावर चहा सांडलाय, पण वाचता येतं. रविवारी सकाळी लाल देवळापाशी (पुण्यातल्या सिनेगॉगपाशी) या. बाबांनाही आणा.